तुमच्या भागात उपलब्ध नाही

‘हा सामना तुमच्या भागात उपलब्ध नाही’ अशी पांढरी अक्षरं टीव्हीवर उमटली तेव्हा माझी दोन बोटं अण्णांच्या तोंडात होती. मी वडिलांना कवळी बसवत होते. वरची बसली होती, खालची डावीकडे अडत होती, कारण अर्धांगाच्या झटक्यानंतर त्यांचा जबडा त्या बाजूला जरा घसरला आहे आणि हिरडीही आटली आहे. ही कवळी मीच केलेली. मी दातांच्या लॅबमध्ये काम करते. कधीही न पाहिलेल्या माणसांच्या जबड्यांचे प्लास्टरचे साचे माझ्या टेबलावर येतात आणि मी त्यांत मेणाचे दात रचते. या नोकरीत माणूस भेटत नाही, फक्त त्याचं चावणं भेटतं. गेले कित्येक दिवस अण्णांनी दात लावले नव्हते. पेज प्यायची तर दात कशाला, म्हणायचे. आज मात्र उजव्या हाताने वाटीकडे बोट दाखवून म्हणाले, “ते लाव.” मी विचारलं, “आज काय विशेष?” तर म्हणाले, “छोट्या येणार टीव्हीवर. बोळक्या तोंडाने बघू होय?” मी म्हटलं, “अण्णा, तो तुम्हाला दिसणार. तुम्ही त्याला नाही दिसणार.” “तुला काय माहीत,” ते म्हणाले. झटक्यानंतर त्यांचे शब्द ओल्या कापडात गुंडाळल्यासारखे येतात, पण मला सगळे कळतात. आणि आता ही अक्षरं. अण्णांना चष्म्याशिवाय ती वाचता येत नव्हती. “सुरू झालं का?” त्यांनी विचारलं. “होतंय,” मी म्हटलं आणि कवळी खटकन बसली.

छोट्या म्हणजे माझा धाकटा भाऊ. उंचीने दाराच्या चौकटीला टेकतो, तिशी उलटून गेली, दाढीत दोन पांढरे केस आले, तरी घरात छोट्याच. तो बेसबॉल खेळतो. खेळतो म्हणजे पोटासाठी खेळतो, चेंडू फेकतो, पिचर आहे. पण आजवर खालच्या लीगमध्येच. तिथल्या गावांची नावं आम्हाला त्याच्यामुळे कळली. आज इथे, उद्या तिथे, बसमध्ये झोपायचं, स्वस्तातल्या खोल्यांत राहायचं. ते सामने आम्ही फुकटच्या प्रक्षेपणावर बघायचो. एकच कॅमेरा, बॅट करणाऱ्याच्या मागे लावून ठेवलेला. बोलणारं कोणी नाही, नुसता वारा, आणि मध्येच जवळपास बसलेल्या कुणाचं तरी खोकणं. त्या एका कॅमेऱ्यात छोट्या करंगळीएवढा दिसायचा. अण्णा तरी त्याच्या खांद्यावरून सांगायचे, आज दमलाय, आज जेवला नाही, आज रागावलाय. मी म्हणायची, “करंगळीएवढ्या माणसाचा राग कसा दिसतो तुम्हाला?” ते म्हणायचे, “माझीच करंगळी आहे ती.” मग या मोसमाच्या सुरुवातीला छोट्याने मोठ्या लीगची वर्गणी भरून दिली, सगळ्या शहरांचे सगळे सामने थेट दाखवणारी. म्हणाला, “ताई, अण्णांचा वेळ जाईल.” वेळ गेलाही. कोण कुठल्या शहराचे संघ, कोण कुठले खेळाडू, रोज आमच्या खोलीत येऊन खेळून जायचे. आपल्या स्वतःच्या शहराचा संघ त्यात कधीच नसतो, हे आमच्या लक्षातही आलं नव्हतं. असायचं कारणही नव्हतं, अण्णांना तो संघ आवडत नाही. “पैशाचा माज,” एवढंच म्हणतात.

परवा छोट्याचा फोन आला. “ताई,” म्हणाला, तेही अडखळत. मला वाटलं, हात मोडला. मग म्हणाला, “वर बोलावलंय.” वर म्हणजे मोठ्या संघात. मी स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसले. तोच पुढे म्हणाला, “फार खूश होऊ नकोस. दोघांचे खांदे गेलेत म्हणून बोलावलंय. बरे झाले की मी परत खाली. उद्याच पाठवतील, नाहीतर परवा. पण रविवारचा सामना आपल्याकडे आहे, ताई. आपल्याच मैदानावर, पाहुणा म्हणून.” मैदान आमच्या घरापासून चालत जाण्याएवढं. फाटकावर दोन पास ठेवतो म्हणाला. मी म्हटलं, अण्णांना सोडून कशी येऊ? तो म्हणाला, “मग टीव्हीवर दाखव त्यांना. सामना झाला की मी घरी येतो. रात्री तिथेच मुक्काम आहे.” मी अण्णांना सांगितलं तेव्हा त्यांनी वार पुन्हा विचारून घेतला. मग म्हणाले, “एकदा बघितलं की झालं.” झालं म्हणजे काय झालं, हे मी विचारलं नाही. डॉक्टरीणबाई गेल्या खेपेला दाराशी थांबून म्हणाल्या होत्या, “हृदय थकलंय. त्यांना आवडतं ते करू द्या.” हे वाक्य डॉक्टर कधी बोलतात ते सगळ्यांना कळतं.

आणि म्हणून ती पांढरी अक्षरं. नियम असा आहे, तो मला त्या दुपारी कळला: तुमच्या शहरातला सामना तुम्हाला ह्या वर्गणीत दिसत नाही. इथले हक्क इथल्या वाहिनीने वेगळे विकत घेतलेले असतात. शेकडो कोसांवर बसलेल्या माणसाला माझा भाऊ दिसणार होता. त्याला तो कोण हे ठाऊक नव्हतं आणि त्याचं काही अडलंही नव्हतं. काखेत कळसा असला तर माणूस निदान गावाला वळसा तरी घालतो. इथे काखेत बघायचीच बंदी. मी बंद करून परत लावलं. टीव्हीची पिन काढून परत खुपसली, जणू रागावलेल्या माणसाला बाहेर जाऊन परत आत ये म्हणावं. तीच अक्षरं. मग स्थानिक वाहिनीचं अ‍ॅप फोनवर उतरवलं. त्याने नाव विचारलं, जन्मतारीख विचारली, पत्ता विचारला, आणि सगळं घेऊन झाल्यावर म्हणालं की तुम्ही आमच्या प्रक्षेपणाच्या हद्दीबाहेर आहात. मी खिडकीबाहेर बघितलं. समोरच्या छपरांच्या वर मैदानाचे दिव्यांचे खांब दिसत होते. एकाच्या मते मी शहरात होते म्हणून दिसणार नाही, दुसऱ्याच्या मते शहराबाहेर होते म्हणून दिसणार नाही. अ‍ॅपमधल्या मदतीच्या खिडकीत एक यंत्र होतं, ते म्हणालं, “आपली अडचण समजते.” मला हसू आलं आणि लगेच रडूही आलं. “झालं का सुरू?” अण्णांनी विचारलं. त्यांनी अंगावरची चादर स्वतःच्या चांगल्या हाताने सारखी करून घेतली होती. “इंटरनेट जरा हळू आहे, अण्णा.” “बरं,” ते म्हणाले आणि काळ्या पडद्याकडे बघत राहिले. ओरडले असते तर बरं झालं असतं. गुणी माणसासारखं वाट बघणारं म्हातारं माणूस समोर असलं की आपल्या हातांना काही येत नाही, हे फार लवकर उघडं पडतं. दिवसभर मी मेणातून दाढेच्या बारीक रेघा कोरते आणि इथे एक चित्र मला भिंतीवर आणता येत नव्हतं.

अण्णा लिफ्टची दुरुस्ती करायचे. संध्याकाळी घरी यायचे ते ग्रीसचे काळे हात घेऊन, आणि चहा न पिता छोट्याला घेऊन मागच्या गोदामाच्या भिंतीशी जायचे. स्वतः उलट्या बादलीवर बसायचे, हातात जाड चामडी हातमोजा, आणि छोट्याने पलीकडून फेकायचं. मी पायरीवर बसून अभ्यास करायची, म्हणजे पुस्तक मांडीवर ठेवायची. अण्णांचा डावा अंगठा तेव्हापासून वाकडा आहे. चेंडू चांगला पडला की ते बसल्या जागेवरून परत फेकायचे. वाईट पडला, भिंतीवर आदळला, नाल्यात गेला, की मात्र ते उठायचे, तो शोधायचे, पँटला पुसायचे आणि चालत जाऊन छोट्याच्या हातात द्यायचे. बोलायचे काही नाही. हातात द्यायचे आणि परत येऊन बादलीवर बसायचे. एकदा मी विचारलं, “अण्णा, फेकून का नाही देत? सगळी संध्याकाळ चालण्यातच जाते.” ते म्हणाले, “चांगला पडला की त्याचं त्याला कळतं. वाईट पडला की माणूस तिथे एकटा उभा राहतो.” दिवसभर अडकलेल्या लिफ्टमधून लोकांना बाहेर काढणाऱ्या माणसाचं ते बोलणं होतं. तेव्हा मला ते साधंच वाटलं, पुस्तकातलं पान उलटून मी पुढे गेले. तो चेंडू, म्हणजे त्यातला शेवटचा, शिवण उसवलेला, अजून आमच्या खिडकीत आहे. तिथे कुंडी ठेवायला जागा हवी म्हणून मी तो कितीदा हलवला असेल, आणि अण्णांनी कितीदा परत तिथेच ठेवायला लावला असेल.

खालून ओरडणं ऐकू आलं. आमच्या खाली न्हावीकाकांचं दुकान आणि त्यामागे त्यांची खोली. एकटेच असतात. शहराच्या संघाचे असे भक्त की संघ हरला तर दुसऱ्या दिवशी दाढी करून घ्यायला माणूस घाबरतो. त्यांच्याकडे केबल आहे, स्थानिक वाहिनी दिसते. म्हणजे सामना सुरू झाला होता. मी जिना उतरून गेले. दारात उभी राहून आधी उगाच त्यांच्या गुडघ्याची चौकशी केली. ताकाला जाऊन भांडं किती वेळ लपवणार! शेवटी सांगून टाकलं. काका उठून उभे राहिले. “अण्णांना खाली आणू या का? मी धरतो एका बाजूने.” मी आमच्या जिन्याकडे नुसतं बघितलं. “मग टीव्ही वर नेऊ?” त्यांनी टीव्हीला हात घातला, तो भिंतीत ठोकलेला होता. मग डोकं खाजवत म्हणाले, “अगं, माझ्या केबलच्या नावावर ते अ‍ॅप चालतं म्हणे. मला कधी लागलं नाही. पासवर्ड आहे माझ्याकडे.” वर आले, माझ्या फोनशी वाकले, आणि अण्णांना ऐकू जाऊ नये अशा आवाजात एक शब्द म्हणाले. त्यांच्या बायकोचं लाडाचं नाव होतं ते. तिला जाऊन पुष्कळ वर्षं झाली. मी मान खाली घालून ते लिहिलं. फोनमधलं लोकेशन चालू करायचं राहिलं होतं, एवढीच माझी चूक; ते केल्याबरोबर हद्दीबाहेरची मी हद्दीत आले, फोनवरचं चित्र टीव्हीवर पाठवलं, आणि भिंतीवरच्या टीव्हीत हिरवंगार मैदान उजळलं. मी अण्णांना चष्मा लावला. “आहाहा,” ते म्हणाले. काका दाराशी वळून म्हणाले, “पोरगा आपला आहे. आज मी ओरडणार नाही. शब्द.” आणि गुडघा धरत खाली गेले.

थोड्याच वेळात मला कळलं की खालचं आणि वरचं एकाच वेळचं नाही. काकांकडे चित्र आधी पोचत होतं, आमच्याकडे अर्धं मिनिट उशिरा. खालून त्यांच्या टीव्हीतल्या गर्दीचा आवाज उठायचा, आणि आमच्या पडद्यावर तेव्हा कुणीतरी अजून नुसतं हातमोजे सारखे करत असायचं. अण्णांना हे कळण्याचा प्रश्न नव्हता. त्यांना कमी ऐकू येतं, असं आम्ही कधीचं धरून चाललो होतो. छोट्या बराच वेळ आलाच नाही. तो शेवटी येणाऱ्यांतला, आधीचे पिचर दमले की बोलावतात तो. मैदानाच्या कडेच्या कुंपणामागे बसलेला एकदा दिसला, सूर्यफुलाच्या बिया चघळत. “बघ, बिया चघळतोय,” अण्णा म्हणाले, जणू त्याने पदक जिंकलं. आणि मग उतरत्या उन्हात तो धावत मैदानाच्या मधल्या उंचवट्यावर आला, आणि कॅमेरा त्याच्या जवळ गेला, एवढा जवळ की त्याचा चेहरा आमच्या भिंतीएवढा झाला. करंगळी नव्हे, भिंत. दाढीतले दोन पांढरे केस मला मोजता आले. अण्णांच्या उजव्या डोळ्यातून पाणी येत होतं. डावा तसाही गळतोच.

त्याचा संघ तीन धावांनी पुढे होता. त्याला शेवटचे तीन गडी बाद करायचे होते, एवढंच काम. पहिल्याच्या वेळी खालून “अरेरे” ऐकू आलं, दबलेलं, आणि मी हसले, कारण आमच्याकडे छोट्या अजून चेंडू बोटांत फिरवत होता आणि मला कळलेलं होतं की गडी बाद झाला. “का हसतेस?” “उगाच.” दुसराही तसाच. त्या अर्ध्या मिनिटाची मला चटकच लागली. भावाचं चांगलं होणार हे त्याच्याआधी, अण्णांच्या आधी मला ठाऊक, असं सुख मला उभ्या आयुष्यात कधी मिळालं नव्हतं. मग एकाने चेंडू टोलवला, दुसऱ्याला छोट्याने चेंडू लांब लांब टाकून फुकट जाऊ दिलं, तिसऱ्याच्या दंडाला लागला, म्हणजे तोही फुकट गेला. तिन्ही बेसवर, म्हणजे धावताना थांबायच्या तिन्ही ठिकाणी, त्यांची माणसं उभी. “दमलाय,” अण्णा म्हणाले. “खांदा सोडतोय. कुणीतरी जा रे त्याच्याकडे.” कुणी गेलं नाही. एक चांगला चेंडू पडला तर सगळं संपलं. आणि तोच मैदानाबाहेर टोलवला गेला तर तिघं आणि टोलवणारा, चार धावा, आणि सामना त्यांचा. पडद्यावर छोट्याने टोपी काढून कपाळ पुसलं, टोपी घातली, चेंडू हातमोज्यात लपवला. आणि खालून काका ओरडले. शब्द दिलेला माणूस, पण वर्षानुवर्षांची सवय छातीतून आली असणार. मोठ्ठा, आनंदाचा, दोन्ही हात वर गेल्याशिवाय येत नाही असा आवाज. आणि मग तो अर्ध्यात तुटला. कुणीतरी तोंडावर हात दाबावा तसा. त्या तुटण्याने मला सगळं सांगितलं.

पडद्यावर तो अजून उभा होता. त्याला माहीत नव्हतं. अण्णांना माहीत नव्हतं. शेजारच्या रस्त्यांवर, सगळ्या शहरात जे होऊन गेलं होतं, ते फक्त आमच्या ह्या खोलीत अजून झालं नव्हतं. त्याने पाय उचलला, हात मागे नेला, आणि मी फोनवर अंगठा दाबला. चित्र थांबलं. हात मागे, डोळे बारीक, चेंडू बोटांत. इथेच राहू दे, मला वाटलं. एकदा बघितलं की झालं म्हणाले होते ना, बघितलं की, एवढंच बघितलं असं असू दे. लॅबमध्ये चुकलेला दात मी परत वितळवते, मेण तक्रार करत नाही. अण्णा पडद्याकडे बघत होते.

“अडकलं वाटतं,” मी म्हटलं.

“अडकलं नाही. तू थांबवलंयस.” त्यांनी मान माझ्याकडे वळवली, जेवढी वळते तेवढी. “खालचा ओरडला. ऐकलं मी.”

“अण्णा...”

“चालू कर गं. त्याला तिथे एकटा उभा ठेवू नकोस.”

मी पुन्हा अंगठा दाबला. चेंडू गेला, बॅटचा आवाज झाला, कॅमेरा वर बघत लांब लांब गेला आणि माणसांच्या उठलेल्या हातांत चेंडू दिसेनासा झाला. सगळे धावत होते, उड्या मारत होते. छोट्या मधल्या उंचवट्यावर होता तिथेच होता. कॅमेऱ्याला त्यात काही राम वाटला नाही, तो दुसरीकडे गेला. अण्णांनी शेवटपर्यंत बघितलं. जाहिराती लागल्या तेव्हा म्हणाले, “खिडकीतला दे.” मी चेंडू त्यांच्या उजव्या हातात दिला. त्यांनी तो चादरीला पुसला, सावकाश, सगळ्या बाजूंनी, आणि मांडीवर ठेवला. “दात नीट दिसतायत ना? येईल तो आता.” मी हो म्हटलं. उजेड कमी होत चालला होता. मी पेज गरम केली, ते नको म्हणाले, आल्यावर बरोबर घेऊ. आणि ओट्यापाशी उभी असताना माझा फोन थरथरला. ‘ताई, मला खाली पाठवताहेत. आजच. बस भरतेय, बाकीच्यांना मुक्कामाला नेताना मला विमानतळावर सोडणार. फोन करायचा धीर नाही. अण्णांना सांग काहीतरी.’ मी ते वाचलं, परत वाचलं. पुन्हा मला आधी कळलं होतं, आणि ह्या वेळी थांबवायला काही नव्हतं.

“काय म्हणतोय?” अण्णांनी विचारलं. ऐकू येतं त्यांना, सगळं येतं. मी ओट्यापासून त्यांच्या खाटेपर्यंत आले आणि जसं होतं तसं वाचून दाखवलं. ‘सांग काहीतरी’सुद्धा. मग त्यांनी चेंडू उचलून माझ्यापुढे धरला.

“मग तू नेऊन दे.”

“आणि तुम्ही?”

“मी कुठे पळून जातोय?” ते म्हणाले. आणि मी हलत नाही बघून, “जा गं. बस निघेल.”

काका जिन्याच्या खालच्या पायरीवरच बसलेले होते, वर यायचं धाडस नसलेले. मी काही म्हणायच्या आत उठले. “बसतो मी त्यांच्यापाशी. मी, ते ओरडणं...” “बसा काका, पेज गरम आहे,” म्हणत मी चप्पल सरकवली. रस्ताभर सामना बघून परतणारी माणसं होती, जिंकलेली, एकमेकांच्या गळ्यात पडणारी, गाणारी, आणि मी एकटी उलट्या दिशेने. एकाने मला टाळीसाठी हात पुढे केला. माझ्या हातात चेंडू होता. मैदानाला किती फाटकं असतात हे इतकी वर्षं शेजारी राहून मला माहीत नव्हतं. एका पहारेकऱ्याने मागे जा म्हटलं, दुसऱ्याने पुढे. मागच्या गल्लीत शेवटी बस दिसली, लांबलचक, काळ्या काचांची, इंजिन चालू असलेली. दार बंद होतं. मी एका काचेवर टकटक केलं, मग पुढच्या. आत कोण बसलंय काही दिसत नव्हतं, नुसती मीच दिसत होते. बस हळूच हलली. फेकला असता तर पोचला असता कदाचित, काचेवर तरी वाजला असता. पण तो फेकायचा नव्हता. मी चेंडू डोक्याच्या वर धरला आणि बसच्या बाजूने चालत राहिले.